वास आला की सांगते

"लोणी विरघळलं का?" शालनबाईंनी बाहेरच्या खोलीतल्या कॉटवरून विचारलं.

"विरघळतंय," साहेबराव आतून म्हणाले.

"विरघळतंय म्हंजी? पुरतं का अर्धं?"

साहेबरावांनी चष्मा कपाळावरून डोळ्यांवर ओढला आणि काचेच्या भांड्यात वाकून पाहिलं. सव्वीस वर्षं चाकणच्या एका कारखान्यात लोखंडावरचा रंग पक्का करायच्या दोनशे अंशांच्या भट्टीपुढे उभा राहिलेला हा माणूस, पण लोणी पुरतं विरघळलं की अर्धं, हे ठरवायची वेळ त्याच्यावर कधी आली नव्हती. पुरतं, असं त्यांनी अंदाजाने ठोकून दिलं. मग आता मैदा, असं बाहेरून फर्मान आलं.

फर्मान आलं, याचंच त्यांना मोठं अप्रूप होतं. अकरा दिवस शालनबाईंच्या पोटात अन्न म्हणावं असं काही गेलं नव्हतं. पेज दोन घोट, ताक चार घोट, तेही साहेबराव समोर ठाण मांडून बसले म्हणून. पोटाच्या कॅन्सरवरचे चार डोस झाले होते आणि पाचवा उद्या होता. पिंपरीच्या दवाखान्यातल्या डॉक्टरांनी गेल्या खेपेलाच बजावलं होतं, की वजन छत्तीसच्या खाली गेलं तर शरीराला डोस सोसायचा नाही, मग तो देता येणार नाही. तेव्हा काटा साडेछत्तीसवर होता. त्यानंतर अकरा दिवस गेले होते, आणि साहेबराव रोज सकाळी बायकोच्या मनगटाकडे बघून मनातल्या मनात वजन करत होते.

आणि आज सकाळी तोंड धुऊन झाल्यावर शालनबाई आपणहून म्हणाल्या, की मॅडमकडं करायचे तो आंब्याचा कॉबलर मिळाला तर चार घास खाईन. साहेबरावांनी तो शब्द आयुष्यात दोन-तीनदा ऐकला असेल. पण त्यांनी पायात चपला सरकवल्या, पिशवी घेतली आणि ऊन चढायच्या आत पायरीचे सहा आंबे, मैदा, बेकिंग पावडर आणि लोण्याची वडी घेऊन ते परत आले. एका दिवसाच्या खाण्याने काटा हलत नसतो हे त्यांना कळत नव्हतं असं नाही. पण पी हळद अन् हो गोरी, अशी आशा माणसाला अडचणीतच सुचते.

मॅडम म्हणजे तनुजा मॅडम. चऱ्होलीत साहेबरावांच्या भावकीचं शेत होतं, तिथे आता चौदा-चौदा मजल्यांच्या इमारती आहेत. त्यातल्या एकीत अमेरिकेत आठ वर्षं राहून परत आलेल्या या मॅडम राहायच्या. शालनबाई त्यांच्याकडे सहा वर्षं स्वयंपाकाला होत्या. ज्या बांधावर सासूबरोबर खुरपं घेऊन बसायच्या, त्याच्यावरून लिफ्टने अकराव्या मजल्यावर जायचं आणि पोळ्या लाटायच्या, याचं त्यांना स्वतःलाच हसू यायचं. मॅडमनी त्यांना हा पदार्थ शिकवला. एवढा सोपा, की त्यात चुकायला जागाच नाही, असं मॅडम म्हणायच्या. भांड्यात लोणी, त्यावर मैदा, साखर आणि दुधाचं सरसरीत पीठ, त्यावर आंब्याच्या फोडी. ढवळायचं नाही. भट्टीत गेलं की पीठ आपलं आपण फुगून फळाच्या वर येतं आणि त्याची खरपूस खपली होते.

घरी त्यांनी तो कधीच केला नाही. भट्टी नव्हती अशातला भाग नाही. एका वर्षी कारखान्यात एकही अपघात झाला नाही, म्हणून प्रत्येक कामगाराला विजेवर चालणारी छोटी भट्टी भेट मिळाली होती. शालनबाईंनी ती हौसेने ओट्यावर मांडली. साहेबराव म्हणाले, "आठ तास तिकडं भट्टीपुढं उभा ऱ्हातो, घरात तरी नको." शालनबाईंनी ती पुन्हा खोक्यात घातली आणि खोकं माळ्यावर गेलं. एकदा त्यांनी मॅडमकडून डब्यात कॉबलर आणला होता. साहेबरावांनी तो सेकंड शिफ्टला जायच्या गडबडीत उभ्या उभ्या खाल्ला, आणि खाल्ल्याचं त्यांच्या लक्षातही राहिलं नाही. आज सकाळी ते खोकं माळ्यावरून काढताना त्यांना भट्टीबद्दलचं आपलं ते बोलणं आठवलं, आणि स्वतःचा राग आला.

"पीठ वतलं का?"

"वतलं. आता ढवळतो."

"ढवळू नका." शालनबाई चक्क उठून बसल्या. "ढवळलं की गेलं. फोडी नुसत्या सोडायच्या वरून. आपापली जागा धरत्यात त्या."

साहेबरावांनी फोडी सोडल्या, भांडं भट्टीत ठेवलं, दार लावलं. इथवर सगळं नीट झालं होतं. आता त्यांच्या हक्काचं काम आलं, म्हणून त्यांनी जरा ऐटीतच विचारलं, की किती मिनिटांचा गजर लावू.

"गजर कशाला? कंपनी हाय का ही? वास आला की मी सांगते. मग काढा."

साहेबरावांना ते पटलं. मॅडमच्या घरी शालनबाई पोळ्या लाटता लाटता नाक वर करायच्या आणि म्हणायच्या, झालं. मॅडम पाहुण्यांना कौतुकाने सांगायच्या, की आमच्या मावशींच्या नाकापुढे घड्याळ झक मारतं. शिवाय साहेबरावांना सव्वीस वर्षांत एकच गोष्ट हाडीमाशी खिळली होती. सुपरवायझरने सांगितल्याशिवाय भट्टीचं दार उघडायचं नाही. नवे असताना एकदा त्यांनी स्वतःच्या अकलेने दार उघडलं होतं. रंग कच्चा राहिला, अख्खा माल परत आला आणि हातात मेमो पडला. त्यानंतर भट्टीला आग लागली तरी हा गडी आधी सुपरवायझरकडे बघेल, असं लोक त्यांना चिडवायचे. तर इथे सुपरवायझर कॉटवर होत्या. साहेबराव स्टूल घेऊन भट्टीपुढे बसले.

वीस मिनिटांनी लोण्याचा वास सुटला. मग आंब्याचा. आधी हलका, मग असा दाट की घर भरून गेलं. साहेबरावांनी मान लांब करून बाहेर पाहिलं. शालनबाई डोळे मिटून पडल्या होत्या. बरोबर क्षणाची वाट बघत असतील, असं त्यांना वाटलं. काचेतून खपली सोनेरी दिसत होती. मग ती कडेने तांबूस व्हायला लागली.

"काढू का?" त्यांनी विचारलं.

"थांबा की. वास कुठं आलाय अजून?"

साहेबराव स्टुलावर बसून राहिले. त्यांना तेव्हाच कळलं. डॉक्टरांनी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, औषधाने चव जाते, कुणाकुणाचा वासही जातो. पण हे नाक जाईल, हे त्यांच्या ध्यानीमनी नव्हतं. आता भांडं बाहेर काढलं असतं तर का काढलं ते तिला सांगावं लागलं असतं. न काढलं तर जळणार होतं. बटणाकडे गेलेला हात त्यांनी मागे घेतला. जळलेल्या मालाचा त्यांना आयुष्यभर तिटकारा होता, आणि तरीही ते काचेतून खपली काळी पडताना बघत बसले.

तेवढ्यात दार ढकलून शेजारची कनीज आली. तिच्या नवऱ्याचं खाली गॅरेज होतं. ती रोज या वेळी चाचींची चौकशी करून जायची.

"चाची, काय केलंय आज? मघापासून वास पार खाली गेटपत्तर येतोय," ती हसत म्हणाली. मग तिने नाक जरा आक्रसलं. "चाचा, जळतंय वाटतं काहीतरी."

साहेबरावांनी भट्टी बंद केली. कनीज चार शब्द बोलली, उद्या दवाखान्यात जायला रिक्षा सांगू का म्हणाली, आणि निघून गेली. ती गेल्यावरही शालनबाई काही वेळ दाराकडेच बघत होत्या.

"कधीपासनं येतोय वास?" त्यांनी विचारलं.

"आत्ताच."

"खरं सांगा."

"अर्धा तास झाला आसंल."

साहेबराव आत गेले. वरची काळी खपली त्यांनी सुरीने खरवडून काढली. खालचा आंबा तेवढा चांगला राहिला होता, केशरी, मऊ. तो वाटीत घेऊन, फुंकर घालून त्यांनी बाहेर आणला. शालनबाईंनी एक चमचा तोंडात घेतला. बराच वेळ तो तसाच धरला. मग औषध गिळावं तसा गिळला आणि वाटी त्यांच्यापुढे सरकवली.

"तुमी खा. आन् सांगा मला कसं झालंय."

साहेबरावांनी घास घेतला. चौतीस वर्षांच्या संसारात जेवणाबद्दल त्यांच्या तोंडून मीठ कमी आहे यापलीकडे फारसं काही बाहेर पडलं नव्हतं. चांगलं असेल तेव्हा ते गप्प जेवायचे, आणि बायकोने त्यातून काय ते समजून घ्यायचं, अशी रीत होती.

"गोड हाय," ते म्हणाले.

"ते मलाबी ठावं हाय. साखर मीच सांगितली. फुडं?"

"आंबट बी हाय जरा. वरचं कडू झालंय, पन खालचं..." त्यांना शब्द सापडेनात. त्यांनी आणखी एक घास घेतला. "खालचं लोन्यात मुरलंय. जिभंवर ठेवलं की जातंय. असं मी कधी खाल्लं नव्हतं."

"खाल्लं व्हतं एकदा," शालनबाई म्हणाल्या. "उभ्या उभ्या."

वाटी खाली ठेवून ते बायकोला विनवू लागले. आणखी दोन चमचे खा. चव लागू दे नाहीतर न लागू दे, पोटात तर जाईल. उद्या काट्यावर उभं राहायचं आहे. वर्षालीला काय सांगू मी? लेक आठ दिवस राहून परवाच सासरी गेली होती आणि जाताना आईला खायला घालायची जबाबदारी बापाच्या गळ्यात घालून गेली होती.

"उद्या जायचं न्हाई," शालनबाई म्हणाल्या.

साहेबराव चिडले. आवाज चढवून बोलले. डॉक्टर तू का डॉक्टर ते, असं काहीबाही बोलले. शालनबाईंनी त्यांना पुरतं बोलू दिलं. मग त्या शांतपणे म्हणाल्या, "काटा काय सांगनार ते मला कळत न्हाई व्हय? माझ्या बांगड्या बघा, कोपरापत्तर जात्यात. तिथं नेऊन तुमी हात हलवत परत येनार. त्यापरीस घरात बसू."

साहेबरावांना रडू आलं. ते लपवायला त्यांनी वाटी उचलली आणि उरलेला आंबा भराभरा खाऊन टाकला. शालनबाई ते बघत होत्या. वाटी रिकामी झाल्यावर त्या म्हणाल्या, "भात येतो का तुमाला?"

"मला कशाला यायला पायजे?"

"येतो का?"

"न्हाई."

"मग आत जा. दोन मुठी तांदूळ घ्या, आपला रोजचा, डब्यातला. तीनदा धुवा. लिहून बिहून घेऊ नका, लिहिलेलं तुमाला सापडत न्हाई."

साहेबराव बसून राहिले. आज भूक नाही, मग शिकू, असं त्यांनी म्हणून पाहिलं. शालनबाईंनी नुसतं आतल्या दाराकडे बोट केलं. ते उठले. दोन मुठी तांदूळ पातेल्यात घेतले, तीनदा धुतले. धुताना निम्मे दाणे सिंकमध्ये गेले, ते त्यांनी एकेक करून वेचले. मग पातेल्यात पाणी ओतून त्यांनी हाक मारली, की किती घालायचं.

"तांदळाला टेकवून बोट उभं धरा. पहिल्या पेरापत्तर पानी यायला पायजे. आलं का?"

त्यांनी बोट धरलं. सव्वीस वर्षं गरम लोखंड हाताळून बोटांची कातडी जाड झाली होती, पेरांच्या रेघा पुसट झाल्या होत्या. पाणी नक्की कुठवर आलंय ते त्यांना ठरवता येईना.

"आलंय वाटतं."

"वाटतं नको. बोट दाखवा."

साहेबराव दारात आले आणि उजव्या हाताचं बोट वर करून उभे राहिले. पाणी मनगटावरून कोपराकडे ओघळत होतं. शालनबाई कोपरावर भार देऊन उठल्या आणि बोट कुठवर भिजलंय ते डोळे बारीक करून बघू लागल्या.

"अजून थोडं घाला," त्या म्हणाल्या.

साहेबराव पाणी घालायला आत गेले.