तळमजल्याची खोली

सुताराने पहिला हातोडा घातला तो दारावर. कडी तुटून उडाली आणि आत टायरांच्या चळतीशेजारी चहा पीत बसलेला टायरवाला कपासकट उठला.

दार सुतारानेच घडवलेलं. घरही त्याचंच. पण तळमजल्याची ती खोली टायरवाल्याला भाड्याने दिली तिथेच माशी शिंकली. पुढे बायकोचे पाय लुळे पडले. तेव्हा सुताराने हात जोडून सांगितलं, बाबा रे, खोली सोड, हिला खाली आणायचंय. टायरवाला म्हणाला, कोर्टात जा. गेला बिचारा. तेव्हा मिशा काळ्याभोर होत्या, आता औषधालाही काळा केस उरला नव्हता. न्यायाधीश बदलत गेले आणि येणारा प्रत्येक साहेब पहिल्यापासून विचारी, बाईंना खरंच जिना उतरता येत नाही का? टायरवाल्याचा वकील म्हणे, सगळं नाटक आहे, उतरतात. की पडली पुढची तारीख. दवाखान्यात न्यायचं झालं तर सुतार तिला पाठुंगळी घेई, आणि आता त्याचेच गुडघे कुरकुरायला लागले होते.

आज तर कहर झाला. टायरवाल्याच्या वकिलाचं पोट दुखतंय म्हणून तारीख. सुतार परत आला तर फाटकातच टायरवाला उभा. अगदी घरच्या माणसासारखा म्हणाला, "वहिनींना जपा हो. त्या आहेत तोवर तुमचा दावा. उद्या त्या गेल्या की तुमची निकडही गेली. खोली माझ्याकडेच राहणार."

एवढं बोलून तो चहा प्यायला आत गेला आणि कडी लावून बसला. सुताराच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तो वर गेलाच नाही. जिन्याखालच्या हत्यारांच्या पेटीतून त्याने हातोडा काढला.

"डोकं फिरलं का तुझं?" म्हणत टायरवाल्याने गरम चहा त्याच्या तोंडावर फेकला. सुताराने दुसरा घाव त्याच्या खांद्यात घातला. हाड वाळक्या फळीसारखं तडकलं. पण गडी कच्च्या गुरूचा चेला नव्हता. दुसऱ्या हाताने त्याने टायर उचकटायची पहार उचलली आणि सुताराच्या मनगटावर हाणली. मनगट लोंबायला लागलं. सुताराने हातोडा डाव्या हातात घेतला, त्याला खाली पाडला, छातीवर गुडघा रोवला आणि तोंडावर मारत सुटला. दात पडले, ओठ फाटला. इतक्या वर्षांचा राग एका हातात मावत नव्हता.

"अहो, सोडा त्याला. फासावर जाल."

बायको उंबऱ्यात होती. आरडाओरडा ऐकून ती बसल्या बसल्या, हातांवर भार देऊन, जिन्यावरून घसरत आली होती. शेवटच्या पायऱ्यांवर तोल जाऊन तोंडावर आपटली आणि तिथून सरपटत आली. कोपरं सोलवटली होती, कपाळ फुटलं होतं.

सुताराच्या हातून हातोडा गळून पडला.

टायरवाल्याने तोंडातलं रक्त थुंकलं आणि तो हसला. मेला माणूस तशातही हसला. खिशातून मोबाइल काढून त्याने तिच्यासमोर धरला. "उतरलात की वहिनी. मी इतकी वर्षं काय सांगत होतो? इकडे बघा, जरा हसा. साहेबांना फोटो दाखवायचाय."

"चल, तुला वर नेतो," सुतार रडवेला होऊन म्हणाला. त्याने तिला उचलायला हात घातला, पण मोडलेलं मनगट साथ देईना.

तिने नवऱ्याकडे पाहिलंच नाही. हातोडा तिच्या पुढ्यात पडला होता. वर्षानुवर्षं अंग ओढून तिच्या हातांत गड्याचं बळ आलं होतं. पहिल्या घावात मोबाइल आणि बोटं एकदमच फुटली. दुसरा घाव कपाळावर बसला. "पुरे गं, पुरे," सुतार म्हणत राहिला. टायरवाल्याचा आवाज बंद झाल्यावरच ती थांबली.

खोलीला पोलिसांनी सील ठोकलं. सुतार जामिनावर सुटला तसा हाताला प्लास्टर घालून तिला तुरुंगात भेटायला गेला, तर ती जाळीपाशी आपली आपण सरपटत आली.

"जेवतेस ना?"

"जेवते. इथं सगळं सपाट आहे. एक पायरी म्हणून नाही. मोरीवर माझी मी जाते."

सुताराने घसा खाकरला. "तुझ्या जामिनाची तारीख पडलीय. पुढची."

"पडू दे," ती म्हणाली. "मला घाई नाही."

सुतार जाळीला कपाळ टेकून ढसाढसा रडला.