सुनेत्राबाईंचा टेपरेकॉर्डर

मी एक जुना टेपरेकॉर्डर आहे, मित्रांनो. दुबईच्या ‘बर दुबई’ भागातल्या एका दुकानात मी काचेआड बसलो होतो. विघ्नेशने पहिल्या पगारातून मला घेतलं, ते खास आईसाठी.

त्याची आई सुनेत्राबाई सोलापूरच्या, घरात तेलुगू बोलणाऱ्या. डोळे अधू झाल्यावर त्यांच्या बहिणीने नव्या तेलुगू कथा वाचून कॅसेटी भरून पाठवल्या. त्यांत आया होत्या आणि मोठे झालेले मुलगे. दुबईतल्याच करामा भागातल्या घरी विघ्नेश संध्याकाळी आईजवळ बसून त्या ऐकायचा. माझी फार शान होती तेव्हा. त्याची बायको संजनासुद्धा रोज माझ्यावरची धूळ पुसायची.

मग २००९ उजाडलं. विघ्नेशच्या कंपनीचं काम बंद पडलं आणि तो घरी बसला. त्या गोष्टी आता त्याला टोचू लागल्या.

"अम्मा, बंद कर ते! पुन्हा तोच आईला घराबाहेर काढणारा मुलगा!"

"तुला का झोंबतं?" म्हणत त्यांनी माझा आवाज वाढवला.

"मुद्दाम लावतेस. गोष्टीतल्या मुलांच्या नोकऱ्या जात नाहीत."

"जातात. पण ते आईवर ओरडत नाहीत."

"अहो, हळू, शेजारी ऐकतायत," संजना म्हणायची. त्यांची छोटी ईशानी कानांवर हात ठेवायची. "पप्पा, स्टॉप इट!"

एका दुपारी विघ्नेशने आईसमोर विमानाचं तिकीट टाकलं. सोलापूरला, आपल्या धाकट्या भावाकडे.

"मला विचारलंस?"

"विचारून काय होणार? माझी नोकरी गेली, तुझाही व्हिसा खलास होतोय!"

"मी काय सामान आहे, इकडून उचलून तिकडे ठेवायला?"

त्याने मला उचललं आणि फरशीवर आपटलं. माझं झाकण उडालं, टेप भसाभसा बाहेर आली. सुनेत्राबाई वाकल्या नाहीत की रडल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी शेजारच्या मरियमबीला घेऊन त्या विमानतळावर गेल्या. मुलाला त्यांनी सोबत येऊ दिलं नाही.

कित्येक महिने मी कपाटाखाली पडून होतो. विघ्नेशला अबुधाबीत काम मिळालं, तेव्हा त्याने मला कमरुद्दीन मेकॅनिकच्या दुकानातून दुरुस्त करून आणलं. मग सोलापूरला फोन लावला, रिसीव्हर माझ्यासमोर धरला आणि बटण दाबलं. मी सुनेत्राबाईंच्या बहिणीच्या आवाजात गोष्ट सांगू लागलो. मला वाटलं, आता सगळं सुरळीत होईल.

सुनेत्राबाईंनी थोडा वेळ ऐकलं. मग विचारलं, "हे झालं टेपचं. तुला काय म्हणायचंय?"

विघ्नेशने माझा आवाज वाढवला.

"मग ठेव," त्या म्हणाल्या. फोन बंद झाला.

मित्रांनो, वस्तू नीट वापरा, आपटू नका, एवढंच सांगायला मी आलो होतो. पण आणखी एक ऐका. चुकलात तर माझ्यासारख्याला पुढे करू नका. मला माफी मागता येत नाही. ती ज्याची त्यानेच मागायची असते.