बायकोची सातवी परीक्षा

"उमेदवार, आरसा पाहिलात का?"

"पाहिला."

"केव्हा?"

"तुम्ही खिडकीबाहेर बघत होतात तेव्हा."

परीक्षकाने कागदावर बारीक रेघ मारली. उमेदवार त्याची बायको होती. वाहन परवान्याच्या कचेरीत परीक्षक तो एकटाच, त्यामुळे आधीच्या सहाही खेपांना तिला नापास करायचं काम त्याच्याच वाट्याला आलं होतं. दुसऱ्या खेपेला परीक्षकाला 'अहो' म्हटल्याबद्दल गुण कापले होते. त्या दिवशी जेवण वाढताना तिने विचारलं होतं, "उमेदवार, हात धुतलेत का?"

यंदा थट्टेला जागा नव्हती. शाळेच्या गाडीवर चालक म्हणून तिला नोकरी लागत होती आणि परवाना उद्यापर्यंत दाखवायचा होता.

आणखी एक गोष्ट होती. ती फक्त परीक्षकाला ठाऊक होती. गेले आठ महिने त्याचा उजवा डोळा नावापुरताच उरला होता. सांगावं तर खुर्ची जाणार. म्हणून तो पोपटासारखी मान वळवून बघू लागला. कचेरीतले म्हणाले, साहेब हल्ली फारच बारकाईने बघतात. या बारकाईने त्याने तीनशे बारा जणांना पास केलं होतं.

रस्त्यावरच्या पांढऱ्या पट्ट्यांपाशी बायकोने गाडी थांबवली. समोर चिटपाखरू नव्हतं.

"विनाकारण थांबलात," परीक्षकाने पेन उचललं.

"म्हातारीला जाऊ द्या की."

"कुठली म्हातारी?"

तेवढ्यात त्याच्या डाव्या डोळ्यात एक म्हातारी उगवली. डोक्यावर उलटी खुर्ची, खुर्चीचे चारही पाय आभाळाकडे. एवढा पसारा उजवीकडून येऊन गाडीच्या नाकासमोर पोचेपर्यंत त्याला त्याचा पत्ता नव्हता.

बायकोने हँडब्रेक ओढला. "कधीपासून?"

"परीक्षा चालू असताना गप्पा..."

"कापा गुण. कधीपासून?"

"आठ महिने."

तिने त्याच्या हातातल्या कागदावर बोट टेकवलं. "बरं. आत्ता 'पास' लिहा. डोळ्याचं उद्या सांगा. मी चांगली चालवली ना? मग कुणाचं काय बिघडतं?"

कुणाचं काही बिघडत नव्हतं. गाडी तिने सुरेख चालवली असणार. पण 'असणार' असा रकाना कागदावर नव्हता. 'नापास' लिहिणं खोटं, आणि 'पास' लिहावं तर त्याने पाहिलं होतं निम्मंच. त्याने लिहिलं: परीक्षा रद्द. परीक्षक आठ महिन्यांपासून अपात्र. खाली सही केली.

"म्हणजे मी सातव्यांदा..."

"नापास नाहीस तू. परीक्षाच झाली नाही."

"आणि नोकरी?"

"दोघांचीही गेली."

"आठ महिने वाकडं चाललात. सरळ व्हायला माझीच गाडी सापडली?"

त्याने पेन खिशाला लावलं.

आता गाडी कचेरीत न्यायची होती. शिकाऊ परवान्यावर तिला शेजारी पात्र माणूस हवा होता, आणि तो नुकताच रद्द झाला होता. त्याने स्वतः चालवण्याचा प्रश्नच नव्हता. ढकलायला मात्र परवाना लागत नाही, असं त्याने नियम आठवून सांगितलं. "धन्य आहे," म्हणत ती उतरली. उघड्या दारातून तिने स्टिअरिंग धरलं, त्याने मागून खांदा लावला. मागचे गाडीवाले हॉर्न वाजवू लागले. त्यांतले दोघे त्यानेच पास केलेले होते.

चौकाच्या तोंडाशी तो ओरडला, "उजवीकडून कोणी येतंय का?"

बावीस वर्षांच्या नोकरीत उमेदवाराला त्याने खरोखरच उत्तर हवं म्हणून विचारलेला हा पहिला प्रश्न होता.

"थांबा," ती म्हणाली.

तो थांबला.