एक्केचाळिसावं मिनिट

"बघा, डोळे भरून बघा!" स्टुडिओच्या मालकीणबाईंनी लॅपटॉप पुढे ढकलला. "शुक्रवारी ओटीटीवर येणारा सिनेमा आज मंगळवारीच फुकट्या साइटवर! एका रात्रीत दोन लाख लोकांनी पाहिला. आता पैसे भरून कोण बघणार, माझे काका?"

पडद्याच्या कोपऱ्यात पुसट आकडा होता. सिनेमाची कंपनी ज्याला कॉपी देते, त्याचा आकडा तीत घालते. हा आकडा यांच्याच स्टुडिओचा होता.

स्टुडिओत माणसं तीनच. बाई, ध्वनिमुद्रक आणि ती. अंधांसाठी सिनेमाचं वर्णन करायचं, हे तिचं काम. दार उघडलं, पत्र फाडलं, डोळे पाणावले, असं दोन संवादांच्या फटीत बसवून सांगायचं. ध्वनिमुद्रक दिवसभर जगाचे आवाज ऐके आणि स्वतः चकार शब्द काढत नसे, म्हणून त्याचं नाव पडलं मौनीबाबा.

"कॉपी तुमच्या कपाटात होती," बाई त्याला म्हणाल्या. "बारा वाजता कंपनीचा फोन येईल. नाव दिलं नाही तर पुढचे अकरा सिनेमे गेले, म्हणजे स्टुडिओला कुलूप. तुमचं नाव देऊ?"

मौनीबाबाने तिच्याकडे नजरही वळवली नाही आणि तेच तिच्या जिव्हारी लागलं. कारण रविवारी कॉपी घरी नेली होती तिने. सासरे आंधळे. वर्णन साधलंय की फसलंय, हे त्यांच्याइतकं कोण सांगणार? पेनड्राइव्ह देताना मौनीबाबाने नुसते हात जोडले होते.

पण मी जिवापाड जपला की, ती मनाची समजूत घालत होती. खोलीत मामंजी आणि मी, दोघंच. मी त्यांच्या कानाशी कुजबुजत होते. तिसरं कोण असणार?

"समोर फोन धरून शूट केलंय मेल्याने," बाई म्हणाल्या. "मध्येच कुणी बोलतंयसुद्धा. ऐका."

एक्केचाळिसावं मिनिट. पडद्यावर रिकामं घर, आणि वरून एक खर्जातला म्हातारा आवाज: "कोण आलंय गं?"

तिची पाचावर धारण बसली. रविवारी तिने याला उत्तरही दिलं होतं, "कुणी नाही मामंजी, घर रिकामं आहे." ती सिनेमातलं घर सांगत होती. ते स्वतःच्या घराचं विचारत होते!

जिन्यात जाऊन तिने घरी फोन लावला आणि रविवारी कोण आलं होतं ते विचारलं.

"धाकट्याची पावलं होती," सासरे म्हणाले. "दारापाशी थांबली ती शेवटपर्यंत हलली नाहीत. तू म्हणालीस कुणी नाही. म्हटलं, डोळस माणूस सांगतंय."

तिने सगळं सांगितलं.

"त्याचे कान मी उपटतो. पण सूनबाई, आपल्या चुकीपायी दुसऱ्याच्या अन्नात माती कालवायची?"

"माझी नोकरी जाईल. मग तुम्हाला सिनेमा कोण..."

"अगं, साठ वर्षं नाही पाहिले, मेलो का? नामाला पडदा लागत नाही. जा, आधी त्या भल्या माणसाला सोडव."

ती वर आली तर फोन वाजतच होता. बाईंचा हात पुढे झाला, तिने तो धरला.

"थांबा. तो आवाज माझ्या सासऱ्यांचा. शूट केलं माझ्या दिराने. कॉपी घरी नेली मी."

"आणि कपाटातून काढून दिली कुणी?"

"मी मागून घेतली."

"मी दिली," मौनीबाबा म्हणाला. बाई दचकल्याच. दोन वर्षांत त्यांनी त्याचा एवढा लांब संवाद ऐकला नव्हता.

फोन वाजत राहिला. बाईंनी दोघांकडे पाहिलं, डोळे मिटून देवाचं नाव घेतलं आणि फोन तिच्याच हातात ठेवला.

"तूच सांग. सांगण्याचंच खातेस ना? एक फ्रेमही गाळू नकोस."

तिने फोन कानाला लावला आणि सांगू लागली, दाराशी पावलं थांबली तिथपासून.