उलटी खिडकी

बारकीच्या कॉफीच्या दुकानाला रस्त्याकडे एकच खिडकी होती, आणि आत सतरा. त्या सतराही पाडलेल्या घरांतून आणून भिंतींवर ठोकलेल्या. उघडल्या की मागे नुसता पांढरा रंग. आसपास एखादं घर पडतंय असं कानावर आलं की बारकी मजुरांना थर्मासभर कॉफी पाजायची आणि एक खिडकी मागून आणायची. अठ्ठावन्न वर्षांच्या बाईला सगळे बारकी म्हणतात याचं नव्या माणसाला हसू येई, पण शेंडेफळाला चिकटलेलं नाव केस पिकले म्हणून थोडंच सुटतं.

दुकानाची रीत अशी, की आपल्या टेबलाजवळची खिडकी उघडायची, काय दिसतं ते सांगायचं, मग कॉफी मिळायची. "भिंत दिसते" म्हणणाऱ्या शहाण्याला कपभर गरम पाणी. पोस्टमनला रोज समुद्र दिसे. मागच्या आठवड्यात त्याच्या समुद्राला ओहोटी लागली, तर बिचारा दोन दिवस तोंड पाडून बसला होता. शिवणकाम करणाऱ्या बाईंना कुरणात एक पांढरा घोडा दिसायचा, आणि त्या घोड्याला कुणी नावं ठेवलेली त्यांना खपत नसत. हे सगळं मनचं आहे हे काय कुणाला कळत नव्हतं? पण दुपारी उन्हं तिरपी होऊन आत यायची, कॉफीची वाफ त्यांत हळूहळू चढायची, आणि मग त्या चौकटींमागे खरंच काहीतरी हलतंय असं वाटे. माणसं आपोआप हळू बोलू लागत.

सोळा खिडक्या सुताराने बसवल्या होत्या. जुन्या खिडक्या बाहेर उघडणाऱ्या, त्या भिंतीवर उघडणार कुठे? म्हणून तो बिजागऱ्या बदलून द्यायचा. सतरावी मात्र बारकीने स्वतः ठोकली होती, डोळ्यांना धार लागलेली असताना, एकटीने. ती तिच्या आईच्या स्वयंपाकघरातली. तिची दारं नीट लागतच नसत, दोन बोटं फट राहायची. कडी कुठेतरी पडली असेल, असं म्हणून बारकी विषय बदलायची. अकरा वर्षांत तिने ती खिडकी एकदाही उघडली नव्हती, आणि त्या टेबलाशी कुणाला बसू दिलं नव्हतं.

आई गेल्यावर ते घर रस्ता रुंद करण्यात गेलं. आईने ते बारकीच्या नावावर केलेलं. थोरल्या बहिणीला, ताईला, लढायचं होतं. बारकीने तिला न सांगता घर द्यायच्या कागदावर सही करून टाकली. "आता मला यायला घर राहिलं नाही," एवढंच ताई बोलली, आणि तेव्हापासून दोघींत विस्तव जात नव्हता.

आज सकाळी सुतार सांगून गेला होता, की ताई कायमची मुलाकडे चाललीय, दोन दिवसांच्या प्रवासावर, साडेपाचच्या गाडीने. बारकीच्या हातून दूध उतू गेलं. "गेली तर गेली," ती मोठ्याने म्हणाली, पण दारावरची नजर काही हटेना. आज ताई आली नाही, तर पुन्हा कधीच येणार नव्हती.

पावणेचारला ताई आली. हातात बॅग, ओठ घट्ट मिटलेले.

"कॉफी मिळते ना इथे?"

"मिळते. पण आधी..."

"माहीत आहे तुझी रीत. गावभर झालंय."

ती सरळ सतराव्या खिडकीशी जाऊन बसली. बारकीने अडवलं नाही. ताईने दोन्ही दारं ओढून उघडली आणि बराच वेळ बघत राहिली.

"उलटी बसवलीयस," ती म्हणाली.

"काय?"

"उन्हाने तडकलेली बाहेरची बाजू आपल्याकडे आलीय. कडी बघ कुठे आहे. भिंतीकडच्या, आतल्या अंगाला. एक खिळा सरळ ठोकता आला नाही तुला जन्मात."

बारकी वाकली. कडी होती, जागच्या जागी, गंजलेली.

"म्हणजे गं?"

"म्हणजे आपण अंगणात आहोत."

लहानपणी दोघी भांडल्या की आई त्यांची अंगणात रवानगी करायची आणि दाराखिडक्यांना आतून कड्या घालायची. मिटलं की दोघींनी मिळून हाक मारा, म्हणायची. एकटीच्या हाकेला ती कधी ओ देत नसे. आता चौकटीमागच्या पांढऱ्या रंगावर वाफ रेंगाळली होती. भिंत मागे मागे सरकल्यासारखी वाटत होती, आणि तिथे, धुरकट उजेडात, कुणीतरी बाह्या सारून काम करत होतं.

"दिसते?" ताईने विचारलं.

"पाठमोरी आहे."

"ऐकतेय सगळं. नेहमीसारखी."

बारकी तिच्याशेजारी बसली. "तू नाही म्हणाली असतीस, म्हणून तुला विचारलं नाही," ती म्हणाली. "आईशिवाय त्या घरात मला एक दिवस काढवत नव्हता. पण सांगायला हवं होतं. चुकले मी, ताई."

"मला वाटलं, तुला काहीच वाटलं नाही." ताई म्हणाली. "दहादा या गल्लीच्या तोंडापर्यंत येऊन परत गेले. फार आठवण यायची तुझी, बारके. पण नाक कोण खाली करणार?"

"मिटलं?"

"मिटलं."

मग त्या दोघींनी, पिकल्या केसांच्या दोन बायांनी, भर दुकानात एकदम हाक मारली, "आई". पोस्टमनने कप खाली ठेवला. कुणी हसलं नाही. दोघी सवयीने थांबल्या, कुणी येईल म्हणून. ऊन सरकलं आणि भिंत पुन्हा भिंत झाली. आई गेलीय, हे बारकीला त्या क्षणी खरं कळलं. आता त्यांना मुली म्हणून ओळखणारं जगात कुणी नव्हतं, एकीला दुसरी सोडून.

"गाडी साडेपाचला आहे," ताईने डोळे पुसले. "उद्याही असते म्हणा."

बारकी घाईने उठली, कप घेतला आणि चमचा हातात धरून तशीच उभी राहिली. सख्ख्या बहिणीला विचारायची तिला लाज वाटली, पण विचारावं लागलं.

"साखर किती घेतेस?"

"डॉक्टरांनी बंद केलीय," ताई म्हणाली. "सात वर्षं झाली."