शेवटचा माणूस बाहेर पडेपर्यंत

शेवटची शिट्टी व्हायच्या आधीच धाकटी मालकांच्या खोलीतून उठली आणि कठड्याला धरून जिना उतरू लागली. गुडघे कुरकुरत होते. घरच्या मैदानावर तीन गोल खाऊन झाले होते. चौथ्याची वाट बघत बसण्यात काही अर्थ नव्हता.

वरून थोरल्याने हाक मारली.

"खरं सांगशील ना?"

"मी कधी खोटं बोलले रे दादा?"

"तसं नव्हे. पण तुला विकायचंय आणि मला नाही, म्हणून आपलं विचारलं."

ती मागे वळली नाही. विचारलं त्यात त्याचं काही चुकलं नव्हतं.

हा फुटबॉलचा संघ वडिलांनी काढलेला. ते गेल्यापासून दोघा भावंडांचा, निम्मा निम्मा. खेळाडू निवडायचे आणि जिंकल्यावर फोटोत उभं राहायचं, हे काम थोरल्याचं. धाकटी घरचा पुठ्ठ्याच्या खोक्यांचा कारखाना चालवायची आणि वर संघाची बस, मैदानाचं गवत, दुखावलेले घोटे, रुसलेले खेळाडू हेही निस्तरायची. घरचं झालं थोडं अन् व्याह्यानं धाडलं घोडं, असं पूर्वी ती हसून म्हणे. आता हसायचंही त्राण उरलं नव्हतं.

वडिलांनी एक रीत घालून दिली होती. जिंकलो तर मालकाने मागच्या दाराने गुपचूप घरी जायचं. हरलो तर मुख्य दरवाज्यात उभं राहायचं, शेवटचा माणूस बाहेर पडेपर्यंत. लोक बोलतील ते ऐकून घ्यायचं, उलट उत्तर द्यायचं नाही. थोरल्याला ते झेपलं नाही. पहिल्याच खेपेला तो घरी येऊन न जेवता झोपला, आणि तेव्हापासून दरवाजा धाकटीच्या गळ्यात पडला. जिंकल्यावर मागच्या दाराने जायचं मात्र तो नेमका विसरायचा.

शिव्या देणारा पुढच्या सामन्याला येतो, गप्प जाणारा येत नाही, हे वडिलांचं ठरलेलं वाक्य. थोरल्याने आज तेच धरून ठेवलं होतं. लोक नेहमीसारखे बोलले तर संघ विकायचा नाही. कोणीच काही बोललं नाही, तर तो मुकाट्याने सही करणार. विकत घेणाऱ्या कंपनीचे साहेब शेजारच्या खोलीत कॉफी पीत बसले होते. संघाचं नाव आणि खेळाडूंच्या सदऱ्याचा रंग बदलावा लागेल, हे त्यांनी फार गोड शब्दांत सांगितलं होतं.

आज कोणी तोंड उघडू नये, असं दरवाज्यात उभं राहताना धाकटीला मनापासून वाटत होतं.

पहिला दिसला तो चष्म्याच्या दुकानाचा मालक. त्याची जीभ म्हणजे कात्री. मागच्या हंगामात भर गर्दीत तो ओरडला होता, "बाई, बचावाला तुमची खोकी उभी करा! निदान आपटून चेंडू तरी परत येईल." लोक पोट धरधरून हसले होते, आणि घरी गेल्यावर तीही हसली होती. त्याला पाहून तिने पाठ ताठ केली.

"गारठा वाढलाय, ताई," तो म्हणाला. "आत उभ्या राहा."

आणि निघून गेला.

मागून आली ती निवृत्त नर्स. एकेका खेळाडूच्या सात पिढ्या उद्धारल्याशिवाय ती दरवाजा ओलांडत नसे. आज तिने नुसता धाकटीच्या दंडावर हात ठेवला. "दमलात हो तुम्ही," ती म्हणाली. आजाऱ्याला भेटून बाहेर पडलेली माणसं बोलतात, तसा आवाज होता. बाकीचे खिशात हात घालून, रात्रीच्या जेवणाचं, उद्याच्या कामाचं बोलत पुढे सरकत राहिले. कोणाला तिच्याकडे बघायचं टाळावंसंही वाटलं नाही.

हवं होतं ते मिळालं होतं. डोक्यावरचं ओझं उतरायला हवं होतं. पण शेवटचा माणूस गेल्यावरही ती दरवाज्यातच उभी राहिली.

रखवालदाराने दरवाजा ओढून घेतला, तशी ती वर आली. थोरला टेबलाशी बसला होता. कागद समोर होते.

"काय म्हणाले?"

"काही नाही."

"चष्मेवाला?"

"गारठा वाढलाय म्हणाला."

थोरल्याने कागद पुढे ओढले. मग पेनाचं टोपण काढलं आणि सही कुठे करायची ते शोधू लागला.

धाकटीने खुंटीवरचा कोट काढला. एक हात बाहीत घातला आणि तशीच थांबली.

"तो लंबू कुठून उचलून आणलास रे?"

"कोण?"

"कोण म्हणून काय विचारतोस? मागे खांब रोवल्यासारखा उभा होता तो! तिन्ही गोल त्याच्या शेजारून गेले. आणि डावीकडून पळणारा तो एकटा जीव तोडून खेळत होता, तर कोचने त्यालाच बाहेर बसवला. तू वर बसून टाळ्या वाजवत होतास! माणसं थंडीत कुडकुडत येतात ती हे बघायला? लाजा कशा वाटत नाहीत तुम्हाला?"

आवाज चढत गेला. शेजारच्या खोलीतली कपबशीची किणकिण थांबली. थोरला खाली मान घालून ऐकत होता. तो एकदाही उलट बोलला नाही. तिचा श्वास संपला तेव्हा त्याने पेनाचं टोपण लावलं.

"त्या साहेबांना काय सांगू?" त्याने हळूच विचारलं.

धाकटीने अंगात अर्धा चढवलेला कोट काढून खुर्चीवर टाकला आणि त्याच्यासमोर बसली. फार दमली होती ती.

"कॉफी संपवून जा म्हणावं," ती म्हणाली. "गोलकीपरचं मी अजून बोललेच नाहीये."