उंबऱ्याशी थांबलेला उजेड

खिडकीवरच्या रोलाडेनच्या, म्हणजे गुंडाळत्या झडपेच्या, फटी लांबट होत्या, पण त्यांतून समोरच्या भिंतीवर पडलेले उन्हाचे ठिपके गोल होते. प्रत्येक ठिपका म्हणजे सूर्याचीच छोटी प्रतिमा, हे लतिकाला ठाऊक होतं. जर्मनीतल्या रेगेन्सबर्गच्या एका प्रयोगशाळेत ती प्रकाशच मोजायची. तरी ती पडल्या पडल्या ते बघत राहिली.

“उघडू का गं?” नागेशने दारातून विचारलं. तो आदल्या संध्याकाळी न्युरेम्बर्गहून आला होता.

“उघड की. दर शनिवारी काय विचारायचं असतं त्यात?”

“आमच्या कन्नडात उजेड विचारल्याशिवाय आत येत नाही.”

“कन्नडात नाही, तुझ्या कवितेत!”

नागेश धारवाडचा. नोकरी सॉफ्टवेअरची, जीव कवितेत. ‘बेळकु’ म्हणजे उजेड आणि ‘ओप्पिगे’ म्हणजे संमती, हे दोन शब्द लतिकाला त्याच्यामुळे पाठ झाले होते. त्याच्या कवितांत पहाट उंबऱ्याशी थांबायची. आतल्या बाईने मान डोलावली की मगच पाऊल टाकायची. त्याची धाकटी बहीण गप्प बसली, तोच होकार समजून घरच्यांनी तिचं लग्न ठरवून टाकलं, तेव्हापासून तो असं लिहू लागला होता.

दिवाळीत त्याने लतिकाला लग्नाचं विचारलं. एकदाच. पहिला संसार मोडलेली लतिका गप्प राहिली. पुन्हा विचारेल तेव्हा बोलू, असं म्हणता म्हणता गुढीपाडवाही होऊन गेला.

चहा पिताना ती म्हणाली, “उजेड कुणाला विचारत नसतो. पण आमच्या लॅबच्या अंधाऱ्या खोलीत माणसं विचारतात हं. दिवा लावायच्या आधी ‘लिश्ट?’, म्हणजे ‘उजेड?’, म्हणून ओरडायचं. प्रत्येकाचा ‘या’, म्हणजे हो, आला तरच बटण दाबायचं.”

“आणि कुणी गप्प राहिलं तर?”

“तर नाही. गप्प म्हणजे नाहीच.”

नागेश कपाकडे बघत हसला. “गेनाऊ, अगदी बरोबर. मीही तेच धरलं. तिकडे लांब कोलोनची नोकरी घेतोय गं. सोमवारी कळवतो त्यांना.”

लतिकाला आत्ता उमगलं. हा पुन्हा विचारणार नव्हताच. तिच्यावर दडपण नको, म्हणून. आणि ती वेडी वाट बघत बसली होती.

“कविता करतोस आणि एवढंही कळत नाही? मी विचार करत होते, बाबा!”

“इतके दिवस?”

“मला मोजायला वेळ लागतो.”

“मग काय आलं मोजून?” त्याने अगदी हळू विचारलं.

तिने कप खाली ठेवला.

“कोलोन तर कोलोन, नाहीतर इथेच. मला तुझ्याशी लग्न करायचंय, नागेश.”